सातबाऱ्यावर आपाचं नाव

अब्बांचा इंतेकाल झाला तेव्हा नांदेड जिल्ह्यातली आमची दहा एकर जमीन त्यांच्याच नावावर होती. मी लातूरला नोकरीत, धाकटा भाऊ गावी. वारसाच्या फेरफाराला भाऊबंदांनी हरकत घेतली. निकाल आमच्या बाजूनं लागला, तरी नोंद काही होईना. "साहेब दौऱ्यावर आहेत", "तलाठ्याकडे जा", "सोमवारी या" यात दोन वर्षं गेली.

शेवटी औरंगाबाद खंडपीठात गेलो. आठ आठवड्यांत नोंद घ्या, असा आदेश झाला. चार महिने उलटले, कागद जागचा हलला नाही. मग वकिलांनी अवमान याचिका दाखल केली. न्यायालयाचा आदेश जाणूनबुजून न पाळणं हा १९७१ च्या कायद्यानं दिवाणी अवमान आहे. सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा २,००० रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही होऊ शकतं. मात्र अवमान घडल्यापासून वर्षाच्या आत दाद मागावी लागते.

नोटीस निघाली आणि दोन वर्षांचं काम दोन आठवड्यांत झालं.

नवा सातबारा आणि मिठाई घेऊन मी नांदेडला आपाकडे गेलो. चष्मा लावून तिनं तो दोनदा वाचला. म्हणाली, "मुबारक हो. माझं नाव कुठं आहे रे?"

वारसांच्या शपथपत्रात आम्ही दोघा भावांचीच नावं लिहिली होती. 'आपाला काय कमी आहे, ती मागणार नाही,' हे आम्हीच ठरवलं होतं. तिला विचारलंच नव्हतं. सूरह निसामध्ये हिस्सा ठरलेला आहे : मुलाला दोन, तर मुलीला एक. अम्मी आधीच गेलेल्या. म्हणजे चार-चार एकर आमचे, दोन आपाचे. चार महिने आदेश दाबला म्हणून मी अधिकाऱ्याला कोर्टात उभं केलं. अल्लाहचा हुकूम मी किती वर्षं दाबून बसलो होतो?

धाकटा कुरकुरला, "राबतो मी, आणि हिस्सा तिला?" आपानं तिची दोन एकर त्यालाच बटाईनं दिली, पण नाव मात्र लावून घेतलं. आम्ही चूक लिहून देऊन नवा अर्ज केला. तलाठ्यानं नोटीस काढली, हरकतीचे पंधरा दिवस गेले, मंडळ अधिकाऱ्यांनी फेरफार प्रमाणित केला. या वेळी हरकत घेणारं कुणी नव्हतं.

वारसाचा अर्ज भरताना बहिणींची नावं आधी लिहा. प्रत्येक उशीर तहसीलचाच असतो असं नाही.