कड्यावरची गर्दी

ग्रँड कॅनियनच्या साउथ रिमवर पार्किंगला जागा शोधत गाडी फिरवत राहिलं की ही दरी पर्यटकांपासून वाचवली पाहिजे, असं कुणालाही वाटेल. मलाही वाटतं. पण इतिहास उलटंच सांगतो. ही दरी वाचली ती पर्यटकांमुळे, आणि त्या रक्षणाची किंमत मोजली ती तिथे आधीपासून राहणाऱ्यांनी. ४४६ किलोमीटर लांब, दीड किलोमीटरहून खोल, तळाशी पावणेदोनशे कोटी वर्षं जुना खडक. एवढ्या काळापुढे माणूस तो काय, असं म्हणून आपण कड्यावर मोकळे होतो. मात्र ही दरी कुणाची, हे गेल्या दीडशे वर्षांत माणसांनीच ठरवलं.

१८५७-५८ मध्ये लष्कराच्या मोहिमेवर आलेल्या जोसेफ आइव्ह्जने लिहून ठेवलं की इथे काही लाभ नाही, आमच्यामागून कुणी फिरकणार नाही. शेती आणि वाहतुकीच्या हिशेबाने त्याचं खरंच होतं. हिशेब बदलला तो १९०१ मध्ये विल्यम्स गावाहून रेल्वे थेट कड्यापर्यंत आली तेव्हा. १९०५ मध्ये एल तोवार हॉटेल उभं राहिलं आणि ओसाड दरीला बाजारभाव आला. त्याआधीच राल्फ कॅमेरॉनने खाणहक्कांच्या जोरावर दरीत उतरणाऱ्या ब्राइट एंजल वाटेवर माणशी एक डॉलर टोल बसवला होता. रक्षण केलं ते राष्ट्राध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट यांनी, पर्यटकांनी नव्हे, असा आक्षेप येईल. १९०८ मध्ये त्यांनी राष्ट्रीय स्मारक जाहीर केलं हे खरंच. पण त्यानंतरही कॅमेरॉन हटला नाही. १९१९ मध्ये राष्ट्रीय उद्यान झालं, १९२० मध्ये सर्वोच्च न्यायालयात तो हरला, आणि तरीही पुढे सिनेटर झाला. अशा माणसापुढे नुसती सही टिकत नाही. मागे रेल्वे, हॉटेलं आणि दरी पाहून परतलेले हजारो मतदार असावे लागतात.

गर्दीने निसर्ग बिघडतो, हा दुसरा आक्षेप. बिघडतो, पण कुठे आणि किती ते बघायला हवं. वर्षाला पन्नास लाखांच्या आसपास लोक येतात; बहुतेक साउथ रिमवरच थांबतात, तळापर्यंत उतरणारे फार थोडे. गर्दीचा खरा ताण दिसतो तो पाण्यात. कोलोरॅडो नदी खाली डोळ्यांसमोर वाहते, पण साउथ रिमच्या नळाला येणारं पाणी तिचं नाही. ते पलीकडच्या बाजूच्या रोअरिंग स्प्रिंग्ज झऱ्याचं. १९६०च्या दशकात टाकलेल्या सुमारे वीस किलोमीटर पाइपातून ते दरी ओलांडून येतं. २०१० पासून हा पाइप ८५ हून अधिक वेळा फुटला. २०२४ च्या ऑगस्टअखेरीस तर कड्यावरचा रात्रीचा मुक्कामच काही दिवस बंद ठेवावा लागला. तरीही नदीचं सर्वांत मोठं नुकसान पर्यटकाने केलेलं नाही. ते केलं उद्यानाच्या हद्दीबाहेरच्या ग्लेन कॅनियन धरणाने. १९६३ पासून गाळ वरच अडतो, खाली येतं ते नितळ, गार पाणी. वाळूचे काठ झिजतात आणि गढूळ, कोमट प्रवाहाला सरावलेले देशी मासे संपत जातात. खुद्द दरीत आणखी दोन धरणं घालायचा बेत १९६८ मध्ये बारगळला, कारण तोवर ही जागा देशभरच्या लोकांना आपली वाटू लागली होती.

पण 'आपली' म्हणजे कुणाची? हवासुपाई लोक उन्हाळ्यात दरीत शेती करत, हिवाळ्यात वरच्या पठारावर शिकार करत. १८८२ मध्ये त्यांना ५१८ एकरांत कोंडलं गेलं. ब्राइट एंजल वाटेवरच्या हिरव्या टप्प्यावर त्यांची शेतं होती. तिथून उरलेसुरले लोक १९२८ मध्ये, म्हणजे उद्यान झाल्यावर, उद्यानाच्याच कारभारात हलवले गेले. दरीतल्या सुळक्यांना विष्णू आणि शिव यांची नावं एकोणिसाव्या शतकातच मिळाली. या टप्प्याला हवासुपाई गार्डन्स हे नाव मिळायला २०२२ उजाडलं.

उद्यान नसतं तर खाणवाल्यांनी त्यांना हाकललंच असतं, असं म्हणता येईल. कदाचित. पण हद्दपारी हीच रक्षणाची अट होती, हे त्यातून सिद्ध होत नाही. १९७५ च्या कायद्याने सुमारे १,८५,००० एकर जमीन त्यांना परत मिळाली आणि उद्यान काही मोडलं नाही. आता तेही आपल्या जमिनीवरच्या धबधब्यांचे परवाने विकतात, मग तक्रार कसली, असंही विचारतात. तक्रार पर्यटनाची नव्हतीच. फाटक कुणाच्या हातात, याची होती. शेजारच्या हुआलापाई लोकांनी २००७ मध्ये आपल्या जमिनीवर काचेचा स्कायवॉक बांधला तेव्हा दरीचा बाजार मांडला म्हणून नाकं मुरडली गेली. रेल्वेच्या प्रवाशांसाठी ऐन कड्यावर बांधलेलं एल तोवार मात्र राष्ट्रीय ऐतिहासिक वारसा म्हणून नोंदलेलं आहे. हा न्याय मला पटत नाही.