तराफ्यावरील संसार

प्रवासास घर सोडावेंच लागतें, असें नाहीं. स्वीडनमधील उप्साला विद्यापीठाच्या तीन विद्यार्थ्यांनीं आरंभिलेला ‘राफ्ट’ हा संगणकावरील खेळ 2016 सालीं लोकांपुढें आला व 2022 मध्यें पूर्ण झाला. त्यांतील समुद्र आम्हीं नातवाशेजारीं बसून पाहिला.

आरंभीं चार चौकटींचा तराफा, हातीं दोरीचा आंकडा, आणि सभोंवार पाणीच पाणी! वाहत येणाऱ्या फळ्या, झावळ्या, प्लॅस्टिक ओढून घ्यावयाचें व एकेक चौकट जोडावयाची. पुढें खारें पाणी गोडें करण्याचें साधन, चूल, शीड, वरचा मजला. काठास जाळीं लाविलीं कीं वाहता माल आपोआप अडकतो.

परंतु एक शार्क मासा सदैव घिरट्या घालीत असतो. मधल्या चौकटींस तो शिवत नाहीं, काठाच्याच तोडतो. भाल्यानें मारिला तरी कांहीं वेळानें पुनः हजर! म्हणून जाणते खेळाडू काठास धातूचें कवच चढवितात.

येथें गणित कामास येतें. चार चौकटींत चारही काठावर. छत्तीसांचा चौरस केला, तर वीस काठावर व सोळा आंत सुरक्षित. तेच छत्तीस एका ओळींत मांडले, तर छत्तीसही माशाच्या तोंडीं. विस्तारापेक्षां त्याची मांडणी महत्त्वाची.

एकत्र कुटुंबांत वाढलेल्या वाचकांस हें निराळें सांगावयास नको. मात्र आपल्या वतीनें काठावर कोण उभें आहे, याचा आंतल्यांनीं विसर पडूं देऊं नये.