जज कोण आहे?

गेल्या वर्षी माझ्या खालाच्या मुलाला भांडणाच्या एका गुन्ह्यात अटक झाली. वय एकोणीस. भांडण पोरांचंच होतं, पण पोरं दोन धर्मांची, म्हणून प्रकरण वाढलं. जामिनाच्या तारखेला आम्ही आठ-दहा जण कोर्टाच्या आवारात लिंबाखाली उभे होतो. मामूंनी हळूच विचारलं, "जज कौन है?" कुणीतरी आडनाव सांगितलं. मामूंचा चेहरा उतरला. खाला पदर सावरत दुआ पढू लागली.

मामूंना काही बोलायचा मला हक्क नव्हता. तोच प्रश्न माझ्याही मनात होता. त्या दिवशी युक्तिवाद झाला, निकाल दुसऱ्या दिवसावर गेला. रात्री झोप लागेना, तेव्हा मला न्यायमूर्ती बद्रुद्दीन तय्यबजी आठवले.

तय्यबजींचा जन्म १८४४ सालचा, मुंबईच्या सुलेमानी बोहरा व्यापारी घराण्यातला. पंधरा-सोळाव्या वर्षी ते विलायतेला गेले आणि १८६७ मध्ये बॅरिस्टर होऊन परतले. मुंबई हायकोर्टात उभे राहणारे ते पहिले हिंदी बॅरिस्टर. पुढे भावासोबत आणि इतर मंडळींसोबत त्यांनी अंजुमन-ए-इस्लाम उभी केली. १८८७ मध्ये मद्रासच्या काँग्रेस अधिवेशनाचे ते अध्यक्ष झाले. मुस्लिमांनी काँग्रेसपासून दूर राहावं असं सर सय्यद अहमद खान सांगत होते, तेव्हा तय्यबजींनी त्यांच्याशी पत्रांतून वाद घातला, पण अदब सोडली नाही. १८९५ मध्ये ते मुंबई हायकोर्टाचे न्यायमूर्ती झाले. १९०२ मध्ये काही काळ त्यांनी मुख्य न्यायाधीशांचं कामही पाहिलं. १९०६ मध्ये लंडनमध्ये त्यांचा इंतकाल झाला.

या साऱ्या कारकिर्दीत माझं मन अडकतं ते एका दिवसावर : ४ ऑगस्ट १८९७.

त्याआधी आठवडाभर टिळक अटकेत होते. 'केसरी'तल्या लिखाणावरून त्यांच्यावर राजद्रोहाचा आरोप होता. त्या लिखाणात शिवाजी उत्सवातल्या भाषणांचा वृत्तांत होता आणि अफझलखानाच्या वधाची चर्चाही. आमच्या जिल्ह्यातल्या वाचकाला यापुढे समजावून सांगायला नको. तुळजापूर आमचंच. अफझलखान हे नाव आमच्याकडे कुठल्या सुरात घेतलं जातं, ते मी शाळेत असल्यापासून ऐकतोय. शिवाय १८९३ च्या दंगलीनंतर टिळकांनी घेतलेली भूमिका अनेक मुस्लिमांना रुचलेली नव्हती.

मॅजिस्ट्रेटनी जामीन नाकारला. हायकोर्टात पार्सन्स आणि रानडे यांच्यापुढे अर्ज गेला, तिथेही नकार. रानडे तर पुण्यात वावरलेले, टिळकांच्याच ज्ञातीचे. मग खटला सेशन्सकडे सोपवला गेला आणि टिळकांचे वकील दिनशा दावर नव्याने अर्ज घेऊन तय्यबजींपुढे उभे राहिले. त्या सकाळी टिळकांच्या माणसांपैकी कुणी "जज कोण आहे?" असं विचारलं असेल, तर उत्तर ऐकून त्याचाही चेहरा उतरला असेल.

तय्यबजींनी जामीन दिला. त्यांच्यापुढचे प्रश्न साधे होते. हा माणूस खटल्याला हजर राहील की नाही? कोठडीत ठेवलं तर त्याला आपला बचाव नीट तयार करता येईल का? उद्या तो निर्दोष ठरला, तर आज भोगलेल्या कैदेचं काय?

जामीन म्हणजे सुटका नव्हे. सप्टेंबरमध्ये खटला चालला तो न्यायमूर्ती स्ट्रॅची यांच्यापुढे. नऊ जणांच्या ज्यूरीत सहा युरोपियन होते. सहा विरुद्ध तीन अशा मतांनी टिळक दोषी ठरले आणि त्यांना दीड वर्षाची सक्तमजुरी झाली. निकाल काय लागणार हे तय्यबजींच्या हातात नव्हतं. तोवरचे दिवस माणसाने कुठे काढायचे, एवढंच त्यांच्या हातात होतं. ते त्यांनी न्यायाने केलं.

गोष्ट इथे संपत नाही. १९०८ मध्ये टिळकांवर पुन्हा राजद्रोहाचा खटला झाला. या वेळी न्यायासनावर होते दिनशा दावर, तेच, अकरा वर्षांपूर्वी त्यांच्यासाठी जामीन मागणारे. त्यांनी जामीन नाकारला आणि सहा वर्षांची शिक्षा सुनावली. म्हणजे ज्याला 'आपला माणूस' म्हणावं, त्याने नाकारलं. ज्याच्याकडून आशा नव्हती, त्याने दिलं.

जामीन हा शब्द अरबीतल्या 'ज़ामिन'वरून आला. ज़ामिन म्हणजे दुसऱ्याची हमी घेणारा. आज देशातल्या तुरुंगांत दर चार कैद्यांपैकी सुमारे तीन कच्चे कैदी आहेत. त्यांचा गुन्हा अजून शाबीत व्हायचाय. त्यात आपल्या समाजाची पोरं आहेत, दलित-आदिवासींची आहेत, सगळ्याच गरिबांची आहेत. कुणाला हमी द्यायला माणूस मिळत नाही, कुणाकडे वकिलाला द्यायला पैसे नाहीत. त्यांच्यापैकी प्रत्येकाच्या बाबतीत तय्यबजींचे तेच प्रश्न विचारले जायला हवेत. मग विचारणाऱ्याचं आडनाव काहीही असो.

दुसऱ्या दिवशी दुपारी आमच्या पोराला जामीन मिळाला. अट एकच : दर सोमवारी ठाण्यात हजेरी. मामू काही बोलले नाहीत. आवारातल्या टपरीवर चहा घेताना म्हणाले, "जजसाब का नाम क्या बोले थे?" या वेळी त्यांना ते लक्षात ठेवायचं होतं.

खटला अजून चालू आहे. निकाल कसाही लागो, पोरगं एकही तारीख चुकवत नाही. मीच त्याला गाडीवर सोडतो.