मॅगझिन बदलायला वेळ नव्हता

आठवी गोळी सुटली की किण्ण असा आवाज यायचा. स्टीलची वाटी फरशीवर पडावी तसा. छोटा, नेमका, लगेच विरणारा. एम-वन गॅरंड या अमेरिकी रायफलीत आठ गोळ्यांची लोखंडी क्लिप बसवतात. शेवटची गोळी गेली की रिकामी क्लिप आपोआप उडून बाहेर पडते, तिचा तो आवाज. खरी गॅरंड मी कधी हातात धरलेली नाही. पण झोपेतून उठवून तो आवाज ऐकवला तरी ओळखेन. माझ्या पिढीतल्या कितीतरी पोरांच्या कानात तो असाच मुक्कामाला आहे.

एसटी स्टँडच्या मागच्या गाळ्यात सायबर कॅफे होता. तासाला वीस रुपये. दोघांत मिळून एकच तास परवडायचा, म्हणून चुलतभाऊ, माझा दादा, कीबोर्डवर आणि मी शेजारच्या प्लास्टिकच्या स्टुलावर. माझ्याकडे काम ओरडण्याचं. "दादा, डावीकडे! खिडकीत!" आणि त्याहून जास्त वेळा, "भर, भर, गोळ्या भर!" एक बटण दाबलं की दोन-तीन सेकंदांत बंदूक भरायची. दादाचा नियम होता: भिंतीआड गेलं की आधी गोळ्या भरून घ्यायच्या, अर्धं मॅगझिन शिल्लक असलं तरी. टॉमी गन त्याचं ऐकायची. गॅरंड ऐकायची नाही. तिच्या आठही गोळ्या संपल्याशिवाय नवी क्लिप बसायचीच नाही. दादा चिडून उरलेल्या गोळ्या भिंतीत झाडून मोकळा व्हायचा. किण्ण.

त्या गेमचं नाव 'मेडल ऑफ ऑनर: अलाइड असॉल्ट'. २००२ सालचा. मालिका त्याआधीच सुरू झाली होती, १९९९ मध्ये. आणि २०१२ नंतर ती जवळजवळ थांबली. आता तिचं नाव फारसं कोणी काढत नाही. माणूस गेला की घर काही दिवस सुतक पाळतं, त्याच्या सवयी, त्याच्या चुका, त्याने दिलेलं काय काय आठवत बसतं. गेमसाठी असं कोणी बसत नाही. मी बसलो आहे.

तिचा जन्म एका बापाच्या मनात झाला. स्टीव्हन स्पीलबर्ग तेव्हा 'सेव्हिंग प्रायव्हेट रायन' या चित्रपटात बुडालेले होते. त्यांचा मुलगा 'गोल्डनआय' हा बंदुकीचा गेम खेळायचा. स्पीलबर्ग यांचे वडील दुसऱ्या महायुद्धात भारत-ब्रह्मदेश आघाडीवर अमेरिकी हवाई दलात होते. आजोबांचं युद्ध एका बाजूला, नातवाच्या हातातला कंट्रोलर दुसऱ्या बाजूला, आणि मध्ये उभा असलेला बाप. ही पोरं बंदूक हातात घेणारच असतील, तर त्या बंदुकीमागे काय घडलं होतं तेही त्यांच्यापर्यंत पोचावं, असं त्या बापाला वाटलं. ड्रीमवर्क्स इंटरॅक्टिव्ह या गेम कंपनीतली तरुण मंडळी कामाला लागली. सैनिकांच्या हालचाली शिकवायला निवृत्त मरीन कॅप्टन डेल डाय आले. चित्रपटातल्या नटांनाही त्यांनीच घडवलं होतं. संगीत मायकेल जियाकिनो या तरुण संगीतकाराने दिलं, तेही पुऱ्या वाद्यवृंदावर.

गेम येण्याच्या काही महिने आधी, एप्रिल १९९९ मध्ये, कोलंबाइनच्या शाळेत दोन मुलांनी गोळीबार केला. अमेरिकेत गेमकडे बोटं वळली. या चमूने आपल्या गेममधलं रक्त काढून टाकलं. पुढे व्हिएतनामच्या युद्धात मेडल ऑफ ऑनर हे अमेरिकी शौर्यपदक मिळवलेले पॉल बुका यांनी नावालाच हरकत घेतली. ज्या पदकासाठी माणसं मेली, ते पदक खेळण्याच्या खोक्यावर? समजुती काढाव्या लागल्या. मला या गोष्टीचं फार अप्रूप वाटतं. पाळण्यातच या मालिकेला कोणीतरी विचारलं होतं: तुला आठवण ठेवायची आहे, की नुसतं खेळायचं आहे? पुढची सगळी वर्षं ती या एका प्रश्नाचं उत्तर शोधत राहिली.

२००० साली आलेल्या 'अंडरग्राउंड'मध्ये तिने एक सुंदर उत्तर दिलं. नायिका होती मानोन बातिस्त, फ्रेंच प्रतिकार चळवळीतली तरुणी. हेलेन देशां अ‍ॅडम्स या खऱ्या फ्रेंच हेर बाईंवरून ती घडवली होती, आणि बाईंनी स्वतः सल्लाही दिला होता. मानोनच्या पहिल्याच मोहिमेत तिचा भाऊ मारला जातो. तिथून पुढे पॅरिसच्या गल्ल्यांतून खेळणारा एकटा चालतो, आणि ते एकटेपण भावाच्या जागेचं असतं.

मग आमचा 'अलाइड असॉल्ट'. ओक्लाहोमातल्या टुल्सा गावी एका लहानशा कंपनीने तो केला. त्यातला ओमाहा किनारा ज्याने खेळला तो विसरत नाही. राखाडी समुद्र, हेलकावणारी होडी, शेजारी ओकणारा जवान. समोरची फळी धाडकन खाली पडायची आणि टेकडीवरून मशीनगन सुरू व्हायची. दादा पहिल्या दिवशी पाण्यातच मेला. दुसऱ्यांदा वाळूत. तिसऱ्यांदा लोखंडी अडथळ्याआड पोचला आणि नुसता बसून राहिला. त्याच्या हातात बंदूक होती, पण मारायला समोर कोणी दिसतच नव्हतं. फक्त धूर, आणि मागून येणाऱ्यांच्या किंकाळ्या. मी ओरडायचं विसरलो. वीस रुपयांतली शेवटची दहा मिनिटं आम्ही त्या अडथळ्याआड काढली. शूर माणूस गेममध्ये नेहमी पुढे धावतो, असं तोवर वाटायचं. त्या दिवशी पहिल्यांदा कळलं की जो धावला नाही तोही घाबरटच असतो असं नाही.

त्याच वर्षी टुल्साच्या त्या कंपनीतले २२ जण बाहेर पडले, त्यांनी इन्फिनिटी वॉर्ड काढली आणि २००३ मध्ये 'कॉल ऑफ ड्यूटी' आणला. थोरलं भावंड मागे पडलं. नंतरच्या खंडांची नावं मी आता यात्रेतल्या हरवलेल्या माणसांसारखी पुकारतो. 'फ्रंटलाइन', 'स्पिअरहेड', 'ब्रेकथ्रू', 'पॅसिफिक असॉल्ट', 'युरोपियन असॉल्ट', 'व्हॅनगार्ड', 'हीरोज'. 'एअरबोर्न'मध्ये पॅराशूटने उतरायचं, पाय जिथे टेकतील तिथून लढाई. आणि 'रायझिंग सन'. त्यात पर्ल हार्बरपासून दोन ग्रिफिन भावांची कथा चालते. धाकटा डॉनी जपान्यांच्या हाती सापडतो, थोरला त्याच्यापर्यंत पोचतो आणि पोचूनही त्याला सोडवू शकत नाही. कथा तिथेच तुटते. पुढचा भाग यायचा होता, तो आलाच नाही. २००३ पासून डॉनी ग्रिफिन कैदेतच आहे.

२०१० मध्ये मालिकेने जुनं युद्ध सोडलं आणि चालू युद्धात पाय ठेवला. अफगाणिस्तान, २००२. त्या गेममधल्या डोंगरावर रॅबिट नावाचा जवान जखमांनी जातो, आणि तो शेवट मनापासून लिहिलेला आहे. पण ऑनलाइन सामन्यांत एका बाजूला 'तालिबान' असं नाव दिलं होतं. ज्यांची मुलं तेव्हा त्या डोंगरांत होती त्यांना ते सोसवेना. शहीद मुलाची एक आई टीव्हीवर बोलली. लष्करी तळांवरच्या दुकानांनी गेम ठेवायला नकार दिला. शेवटी नाव बदललं. २०१२ च्या 'वॉरफायटर'साठी प्रकाशक कंपनीने सील टीम सिक्समधल्या कमांडोंना गाठलं. गोपनीय माहिती उघड केल्याबद्दल त्यातल्या सात जणांना नौदलाने शिक्षा केली. गेम चालला नाही. जानेवारी २०१३ मध्ये कंपनीने जाहीर केलं की ही मालिका आता आम्ही बाजूला ठेवत आहोत.

मला वाटतं, स्मृतीलाही पिकायला दिवस लागतात. चितेची राख निवल्याशिवाय अस्थी गोळा करत नाहीत. ओमाहाचा किनारा ५० हून अधिक वर्षांनी पडद्यावर आला तेव्हा त्यातली माणसं आजोबा झाली होती, बोलायला तयार झाली होती. अफगाणिस्तानातली राख अजून धगधगत होती, आणि या मालिकेने तिच्यात हात घातला. जन्मवेळचा प्रश्न ती विसरली होती.

पण ती तशीच गेली नाही, आणि म्हणूनच मला तिच्याविषयी लिहायचं आहे.

डिसेंबर २०२० मध्ये 'अबव्ह अँड बियाँड' नावाचा आभासी वास्तवातला गेम आला. पहिला गेम घडवणाऱ्या चमूतले पीटर हर्शमन पुन्हा सोबत होते. गेम लोकांनी फारसा डोक्यावर घेतला नाही. पण त्याच्या पोटात एक दालन होतं. तिथे बंदूक नव्हती. महायुद्धातून वाचलेली म्हातारी माणसं आपल्या जुन्या जागी परत जातात आणि बोलतात, एवढंच. त्यातला एक लघु माहितीपट 'कोलेत'. दिग्दर्शक अँथनी जियाकिनो, पहिल्या गेमला संगीत देणाऱ्या मायकेलचा भाऊ.

कोलेत मारँ-कातरीन तेव्हा नव्वदीतल्या. तरुणपणी फ्रेंच प्रतिकार चळवळीत होत्या, जणू मानोनच म्हातारी होऊन समोर बसली आहे. त्यांचा भाऊ ज्याँ-पिएर १७ व्या वर्षी पकडला गेला आणि १९४५ मध्ये, सुटका अवघी काही आठवड्यांवर असताना, जर्मनीतल्या मित्तेलबाऊ-डोरा छळछावणीत मेला. डोंगराच्या पोटातल्या बोगद्यांत तिथे कैद्यांकडून व्ही-२ रॉकेटं बनवून घेत. सुमारे ६० हजार कैदी तिथे आणले गेले, त्यातले २० हजारांच्या आसपास मेले. जर्मनीत पाऊल ठेवायचं नाही असं कोलेत यांनी ठरवलं होतं. इतिहास शिकणारी एक कोवळी मुलगी त्यांना तिथे घेऊन जाते.

तो माहितीपट पाहताना मला १९९९ चा पहिला गेम आठवला. त्याची शेवटची मोहीम व्ही-२ रॉकेटच्या कारखान्यातच होती. तिथले पहारेकरी मला आठवतात, दारं आठवतात, धोक्याचा भोंगा आठवतो. ती रॉकेटं जोडणारे हात मात्र एकदाही आठवत नाहीत. २१ वर्षांनी त्याच मालिकेने मागे वळून त्या कारखान्यात एका बहिणीला नेलं, आणि कॅमेरा तिच्या चेहऱ्यावर धरून ठेवला. एप्रिल २०२१ मध्ये 'कोलेत'ला ऑस्कर मिळालं. गेमच्या पोटी जन्मलेल्या चित्रपटाला पहिल्यांदाच. मला ऑस्करपेक्षा ते वळून पाहणं मोठं वाटतं. जाता जाता तिने उत्तर दिलं होतं.

मग मीही वळलो. 'ब्रेकथ्रू' आम्ही दिवाळीच्या सुट्टीत खेळलो होतो. ट्युनिशिया, सिसिली, मग इटली. माँते कॅसिनो, माँते बत्तालिया. अमेरिकी सार्जंटच्या अंगात शिरून आम्ही इटलीच्या टेकड्या चढलो. त्याच इटलीत मराठा लाइट इन्फंट्री लढली होती, हे आम्हाला कोणी सांगितलं नव्हतं. माणगावला आत्याकडे जाताना तिथला पुतळा मी लहानपणापासून पाहत आलो आहे. तो कोणाचा, हे कधी थांबून वाचलं नव्हतं.

नाईक यशवंत घाडगे. गाव पळसगाव, तालुका माणगाव. १० जुलै १९४४, टायबर नदीचं वरचं खोरं. त्यांच्या तुकडीवर अगदी जवळून मशीनगनचा मारा झाला आणि त्यांच्याशिवाय तुकडीतले सगळे मेले किंवा जखमी झाले. ते एकटे धावून गेले. हातबॉम्बने मशीनगन आणि ती चालवणारा संपवला, टॉमी गनने आणखी एकाला टिपलं. दोघे उरले. व्हिक्टोरिया क्रॉसच्या मानपत्रात इथे नोंद आहे की मॅगझिन बदलायला त्यांना वेळ नव्हता. त्यांनी बंदूक नळीकडून धरली आणि दस्त्याने त्या दोघांना लोळवलं. ठाणं हाती आलं. मग लपलेल्या नेमबाजांच्या गोळ्या छातीत आणि पाठीत लागल्या, आणि त्या जिंकलेल्या ठाण्यातच ते गेले. वय २२.

ते वाक्य मी कितीदा वाचलं, मोजलं नाही. दादाची तीच टॉमी गन. तेच मॅगझिन. भिंतीआड सरकून एका बोटाने मिळवलेले ते दोन-तीन सेकंद, जे आम्ही त्या गाळ्यात हजारो वेळा उधळले. यशवंतरावांना ते एकदाही मिळाले नाहीत.

गेल्या मे महिन्यात दादा सुट्टीवर आला होता. त्याला घेऊन माणगावला गेलो. ऊन कडक होतं, रस्त्यावर गाड्यांची रांग होती. पुतळ्याखालची अक्षरं त्याने पहिल्यांदा वाचली. मी त्याला मॅगझिनची गोष्ट सांगितली. तो बराच वेळ काही बोलला नाही. मग उजव्या हाताचं एक बोट त्याने नकळत हलवलं, कीबोर्डवर त्या बटणाकडे जायचं तेच बोट, आणि मूठ मिटून हात खिशात घातला.