गल्लीतला टीव्ही

आज तुमच्या टीव्हीवर शेकडो चॅनेल आहेत. पण त्यांतल्या एकावर तरी शेजारच्या काकू दिसतात का? आमच्या दिसायच्या!

१९९२ च्या ऑक्टोबरात झी टीव्ही सुरू झाला आणि त्या सुमारास गल्लोगल्ली केबलवाले झाले. आमच्या केबलवाल्या दादाची भली मोठी डिश गच्चीवर होती. तिथून काळी वायर गच्च्यांवरून, झाडांवरून घरोघर जाई. बाहेरचे चॅनेल दाखवता दाखवता एक तो स्वतःचाच लावायचा. त्यात फारशी जादू नव्हती. व्हीसीआर मॉड्युलेटर नावाच्या छोट्या यंत्राला जोडला, की एका मोकळ्या नंबरावर तेच चित्र सगळ्या वस्तीत! दुपारी सिनेमा (परवानगीबिरवानगी कोण विचारतो!) आणि खाली सरकत्या जाहिराती: पिठाची गिरणी, शिवणक्लास, ‘चि. पिंट्यास वाढदिवसाच्या शुभेच्छा’. शुद्धलेखनाचे तर तीनतेरा!

अमेरिकेत न्यूयॉर्कच्या मॅनहॅटनमध्ये १९७१ पासून केबलवर सामान्य माणसांसाठी राखीव चॅनेल होते. जो आधी येईल त्याला वेळ मिळे. आमच्याकडे असं काही राखीव नव्हतं. १९९५ च्या कायद्याने दादाला पोस्टात नाव नोंदवावं लागलं, एवढंच. बाकी सगळा त्याच्या हौसेचा मामला.

खरी धमाल गणपतीत. लग्नांचं शूटिंग करणारा त्याचा मित्र खांद्यावर कॅमेरा घेऊन हिंडायचा. लिंबू-चमचा, वेशभूषा, आरत्या, सगळं टिपायचा. चित्र हलायचं, निम्म्या काकूंची डोकीच कापली जायची, मधेच कुणाच्या तरी कुकरची शिट्टी! तरी सगळे जेवणं सोडून बघत.

१९९६ साली आजीच्या मांडीचं हाड मोडलं. उठायला सक्त मनाई. इतक्या वर्षांत विसर्जनाची मिरवणूक तिने कधी चुकवली नव्हती. दोन दिवस ती कुणाशी बोललीच नाही.

विसर्जनाच्या रात्री दादाने मिरवणुकीची कॅसेट लावली. आमच्या दारासमोरून जाताना लेझीमच्या मुली थांबल्या आणि कॅमेऱ्याकडे बघून ओरडल्या, “आजी, लवकर बऱ्या व्हा!”

आजी कॉटवरच अर्धी उठली.

“जरा मागे घे रे.”

“अगं आजी, हा टीव्ही आहे. मागे कसा घेणार?”

“मग त्या केबलवाल्याला सांग जा!”

माझा भाऊ चप्पल न घालताच पळाला. पाच मिनिटांनी पडदा निळा झाला, खरखरला, आणि सगळ्या वस्तीने लेझीम पुन्हा पाहिली. पलीकडच्या गच्चीवरून कुणीतरी ओरडलं, “अरे, पुढे चल की!”

आजी म्हणाली, “ओरडू दे त्याला.”