कडेची माणसं

ब्रिटिश टीव्हीवरच्या जुन्या मालिका बघताना माझं लक्ष नेहमी कडेच्या माणसांकडे जातं. नायकाचं बोलणं रंगात आलेलं असतं आणि सोफ्याच्या टोकाला बसलेलं कुणीतरी फक्त ऐकत असतं. ते ऐकणं खरं असेल, तर सगळं घर खरं वाटायला लागतं. असं घर उभं करणाऱ्यांत मला सर्वांत जवळची वाटते ती अभिनेत्री लिझ स्मिथ.

तिचा जन्म १९२१ चा, इंग्लंडमधल्या स्कनथॉर्पचा. दोन वर्षांची असताना आई गेली, पुढे वडीलही सोडून गेले. वाढवलं आजी-आजोबांनी. महायुद्धात ती नौदलाच्या महिला दलात होती. त्याच काळात हिंदुस्थानात तिला नवरा भेटला. दोन मुलं झाली, मग संसार मोडला. पदरात मुलं, हाताला मिळेल ते काम, आणि त्यातूनही नाटकाचा नाद सुटला नाही. किती बायकांचा तो अशा वेळी सुटला असेल!

१९७० च्या सुमारास ती लंडनच्या हॅमलीज या दुकानात खेळणी विकत होती. तिथे माइक ली नावाच्या तरुण दिग्दर्शकाचा निरोप आला: त्याच्या पहिल्या चित्रपटात आईचं काम होतं. तेव्हा ती पन्नाशीला टेकलेली.

दोन वर्षांनी त्याच दिग्दर्शकाने बीबीसीच्या ‘हार्ड लेबर’ या टीव्ही-चित्रपटात (१९७३) तिला चक्क मध्यभागी आणलं. मिसेस थॉर्नली लोकांच्या घरी साफसफाई करते, घरी येऊन नवऱ्याचं करते आणि बोलत जवळपास नाहीच. शेवटी ती चर्चमध्ये पापाची कबुली द्यायला जाते. तिचं पाप काय? तर आपल्या हातून माणसांवर पुरेसं प्रेम होत नाही. राबून राबून पिचलेली बाई आणि वर अपराधही तिचाच! लिझ हे अगदी साधेपणाने बोलते. रडत नाही, दया मागत नाही. मला तर तिथे श्वास घेणं जड जातं.

नंतर मात्र वाट्याला आल्या त्या म्हाताऱ्याच. ‘द व्हिकर ऑफ डिबली’ या मालिकेतली लेटिशिया क्रॉपली गावाला मार्माइटचा, म्हणजे पावाला लावायच्या खारट लेपाचा, केक खाऊ घालते. अशा भूमिकेची टिंगल होणं सोपं होतं, पण लिझने तिच्यात खाऊ घालणारीचा जिव्हाळा ठेवला; म्हणून १९९६ मध्ये ते पात्र मेलं तेव्हा पोकळी जाणवली. ‘अ प्रायव्हेट फंक्शन’ या चित्रपटासाठी सहायक अभिनेत्रीचा बाफ्टा पुरस्कार तिला आधीच मिळाला होता.

आणि १९९८ पासून ‘द रॉयल फॅमिली’ या मालिकेतली आजी, नॅना. मँचेस्टरमधलं कामगाराचं घर, समोर अखंड चालू टीव्ही. जावई टोमणे मारतो, तीही काही कमी नाही. २००६ च्या ‘द क्वीन ऑफ शीबा’ या विशेष भागात तीच आजी अंथरुणाला खिळलेली आहे. पलंग आणून टाकलाय तो त्याच बैठकीच्या खोलीत. मुलगी बार्बरा, म्हणजे सू जॉन्स्टन, तिचे पांढरे विरळ केस विंचरते. फणी हळू फिरते, आणि आईच्या चेहऱ्यावर लहान मुलीसारखं सुख येतं. संवाद मोजकेच, तरी एक संपूर्ण नातं तिथे पुरं होतं. ज्या मुलीला स्वतःच्या आईचा हात फार मिळालाच नाही, तिने ऐंशीच्या घरात हे केलं, हे मला विसरता येत नाही.

पन्नाशीपर्यंतचं तिचं आयुष्य वाया गेलं असं मी कधीच म्हणणार नाही. ते सगळं या म्हाताऱ्यांच्या बोलण्यात, बसण्यात, गप्प राहण्यात उतरलंय. २०१६ साली नाताळच्या आदल्या दिवशी, पंचाण्णव वर्षांची होऊन ती गेली. ‘द क्वीन ऑफ शीबा’ मिळाला तर जरूर बघा, आणि घरातल्या मोठ्यांना सोबत घेऊन बघा.