घड्याळ आमचे, नोंदी कोणाच्या?

फजरनंतर चालायला निघणाऱ्यांच्या मनगटावर हल्ली पावले आणि हृदयाचे ठोके मोजणारे घड्याळ दिसते. घड्याळ आम्ही विकत घेतो, पण मोजलेले सारे कंपनीकडे जमा होते. आम्ही याला अमानत समजतो. पण अमानत सांभाळणारी कंपनीच विकली गेली तर?

फिटबिटचे तसेच झाले. २००७ साली अमेरिकेत सुरू झालेली ही कंपनी जानेवारी २०२१ मध्ये गूगलच्या ताब्यात गेली, सौदा २.१ अब्ज डॉलरचा. मनगटावरचे घड्याळ तेच राहिले. पण २७ मार्च २०२३ रोजी मित्रांशी पावलांची चढाओढ लावण्याची सोय बंद झाली. (घराबाहेर पडायला अनेकांना हीच चढाओढ भाग पाडत असे!) २०२४ मध्ये संगणकावर नोंदी पाहण्याची सोयही गेली. ग्राहकाने पैसे मोजले होते ते या सोयींसकट.

आरोग्याच्या या नोंदी जाहिरातींसाठी वापरणार नाही, असा शब्द गूगलने दिला आहे. युरोपीय आयोगाने मात्र नुसत्या शब्दावर भागवले नाही. डिसेंबर २०२० मध्ये सौद्याला परवानगी देतानाच त्याने दहा वर्षांची अट घालून घेतली. ती युरोपातल्या ग्राहकांपुरती आहे. मुंबई-मिरजेच्या मनगटांना लागू नाही.